नामसाधर्म्याचा ताप

पुस्तकाचे नाव एवढ्या एकाच भांडवलावर पुस्तक शोधायला निघणारी माणसे मला फार धाडसी वाटतात, आणि अशी माणसे नेमकी माझ्याच ओळखीची असतात. लेखक कोण असे विचारावे तर "प्रसिद्ध आहेत हो" असे उत्तर येते, विषय विचारावा तर "जाड आहे" असे कळते, आणि प्रकाशकाचे नाव विचारले तर समोरचा माणूस आपल्याकडे दयेने पाहतो. एका नावाचे पुस्तक जगात एकच असणार, ही त्यांची श्रद्धा इतकी अढळ असते की, तिला धक्का लावणे आपल्याच जिवावर येते.

'युगांत' हेच घ्या. इरावती कर्वे यांचे 'युगांत' म्हणजे महाभारतातील माणसांची, कोणाचीही भीडभाड न ठेवता केलेली चिकित्सा. तिला १९६८ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. महेश एलकुंचवार यांचे 'युगान्त' म्हणजे 'वाडा चिरेबंदी'पासून सुरू झालेल्या नाट्यत्रयीतले शेवटचे नाटक. मध्यंतरी एका स्नेह्यांनी हे पुस्तक माझ्याकडे मागितले, तेव्हा मी अत्यंत अदबीने "कर्व्यांचे की एलकुंचवारांचे?" असे विचारले. त्यांनी थोडा विचार केला आणि सांगितले, "ज्यात शेवटी सगळे संपते ते." मी दोन्ही दिली. ती दोन्ही अजून परत आलेली नाहीत, त्यामुळे त्यांना नेमके कोणते हवे होते, हे कळायला मार्ग उरलेला नाही.

'सावित्री'च्या बाबतीत जाडीची खूण खरोखरच उपयोगी पडते. पु. शि. रेगे यांची १९६२ सालची 'सावित्री' ही पत्रांतून उलगडणारी छोटीशी कादंबरी एका बैठकीत वाचून होते. श्रीअरविंदांची इंग्रजीतली 'सावित्री' हे सुमारे चोवीस हजार ओळींचे महाकाव्य आहे, आणि तिच्यासाठी बैठक नव्हे, चातुर्मास लागतो. हलकेफुलके काहीतरी वाचायला मिळेल या आशेने पहिली मागणाऱ्याच्या हाती दुसरी पडली, तर त्याचा चेहरा पाहण्यासारखा होतो.

परंतु या सर्वांहून गुंतागुंतीचे प्रकरण 'मृत्युंजय'चे आहे. एका समारंभात शेजारच्या खुर्चीवरील गृहस्थांनी, आपण नुकतेच 'मृत्युंजय' वाचले, असे सांगितले आणि आमची तार तत्काळ जुळली. "शेवटी त्या चाकाने घात केला," मी हळहळून म्हणालो. "चाकाचा काय दोष? रूळच उखडून ठेवले होते ना!" ते म्हणाले. नियतीने कर्णाच्या वाटेतले रूळच काढून घेतले, असा मी या उद्गारांचा अर्थ लावला आणि त्यांच्या प्रतिभेला मनोमन दाद दिली. मग मी कवचकुंडलांचा विषय काढला. शस्त्र हातचे गेल्यावर माणूस काय करणार, असे म्हणत त्यांनी मान डोलावली. आपल्याच माणसांविरुद्ध लढण्याच्या यातनांवर तर आमचे इतके एकमत झाले की, मागच्या रांगेतील एका बाईंनी आम्हाला गप्प बसण्याची खूण केली. एवढे होऊनही गाडी सुरळीत चालली होती. "पण गांधीजींना हे मुळीच पटले नसते, हीच त्याच्या मनातली खरी बोच," असे ते म्हणाले, तेव्हा मात्र हस्तिनापुरात गांधीजी कसे आले, हे विचारणे मला भाग पडले.

त्यांनी वाचले होते ते बीरेंद्रकुमार भट्टाचार्य यांच्या असमिया कादंबरीचे हिंदी भाषांतर. १९४२च्या आंदोलनात आसाममधील क्रांतिकारक लष्करी आगगाडी रुळांवरून घसरवण्याचा बेत आखतात, आणि अहिंसेच्या शिकवणुकीत वाढलेल्या माणसांना हाती शस्त्र घेताना जो पेच पडतो, त्याची ती कथा आहे. तिच्या कर्त्याला १९७९ साली ज्ञानपीठ पुरस्कार मिळाला. मी बोलत होतो ते शिवाजी सावंत यांच्या १९६७ सालच्या, कर्णाच्या जीवनावरील कादंबरीविषयी. गंमत अशी की, गांधीजींचे नाव निघाले नसते, तर आम्ही दोघेही एका रसिकाची ओळख झाल्याच्या समाधानात घरी गेलो असतो. एरवी एकच पुस्तक वाचलेल्या दोन माणसांचे इतके एकमत झालेले मी पाहिलेले नाही.

हा घोळ होण्याचे कारण शोधायला फार लांब जावे लागत नाही. आपल्या बहुतेक भाषांतील लेखक नाव ठेवायची वेळ आली की संस्कृतच्या एकाच कोठारात शिरतात, आणि तिथून उचललेला शब्द मराठीत, असमियात वा कन्नडमध्ये जवळजवळ जसाच्या तसा बाहेर येतो. वि. स. खांडेकरांची 'ययाति' ही कादंबरी १९५९ साली आली आणि दोनच वर्षांनी गिरीश कार्नाडांचे 'ययाति' हे कन्नड नाटक आले. बापाने मुलाचे तारुण्य मागून घेतल्याची कथा दोघांनीही मागून घेतली, म्हणायचे. पुन्हा असे करण्यास कायद्याची आडकाठीही नाही. एका चित्रपटाच्या नावावरून झालेल्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २०१५ साली, नुसत्या शीर्षकावर कॉपीराइट सांगता येत नाही, असा निर्वाळा दिलेला आहे.

यावर उपाय म्हणून पुस्तकांना आयएसबीएन नावाचा क्रमांक दिला जातो. तो २००७पासून तेरा आकडी झाला असून त्यातील शेवटचा आकडा आधीचे बारा बरोबर आहेत की नाहीत, हे तपासण्यासाठी असतो. व्यवस्था उत्तम आहे. मात्र "काय हो, ९७८ने सुरू होणारे ते पुस्तक वाचलेत का?" असे विचारणारा रसिक मला अद्याप भेटायचा आहे, आणि जुन्या आवृत्त्यांवर तर हा क्रमांकच नसतो.

इंग्रजीतही परिस्थिती फारशी बरी नाही. 'लाइफ आफ्टर लाइफ' हे रेमंड मूडी यांचे मृत्यूच्या दारातून परतलेल्यांच्या अनुभवांवरील पुस्तक १९७५ साली आले. पुढे २०१३ साली केट अ‍ॅटकिन्सन आणि जिल मॅकॉर्कल या दोघींच्या त्याच नावाच्या कादंबऱ्या पाठोपाठ प्रसिद्ध झाल्या. जन्मोजन्मीच्या या नावाने स्वतःचा अर्थ इतका मनावर घ्यायला नको होता.

त्याच वर्षी स्टीफन किंग यांची 'जॉयलँड' आली. ती सुरुवातीला ई-पुस्तक म्हणून मिळत नव्हती, त्यामुळे उतावीळ वाचकांनी एमिली शुल्ट्स यांची २००६ सालची 'जॉयलँड' विकत घेतली आणि नंतर तिच्यावर राग काढला. शुल्ट्सबाईंना शेऱ्यांबरोबर मानधनाचा अनपेक्षित धनादेशही मिळाला. नामसाधर्म्याचा ताप सोसून चार पैसे हाती लागलेली ही एकच व्यक्ती मला ठाऊक आहे, आणि तिचा आदर्श समोर ठेवून मी माझ्या नियोजित लेखसंग्रहासाठी 'युगांत' हे नाव घरात सुचवून पाहिले. "यात अंत कशाचा?" असे मुलीने विचारले. मी उत्तर जुळवत होतो, तेवढ्यात "वाचणाऱ्याच्या सहनशीलतेचा" असे आतून कोणीतरी परस्पर सांगून टाकले.