'1947 साली एक रुपया म्हणजे एक डॉलर' : खुलासा

'स्वातंत्र्य मिळाले तेव्हा 1 डॉलर 1 रुपयाला मिळत होता, बाबासाहेबांच्या रुपयावरच्या ग्रंथात पुरावा आहे' असा संदेश पुन्हा फिरतो आहे. तो चुकीचा आहे.

हिशेब सोपा आहे. 1927 पासून रुपयाचा दर पौंडाशी बांधलेला होता : 1 शिलिंग 6 पेन्स, म्हणजे 18 पेन्स. पौंडाचे 240 पेन्स, म्हणजे पौंडाला सुमारे 13.33 रुपये. 1947 मध्ये पौंड 4.03 डॉलरचा होता. भागाकार केला की डॉलर सुमारे 3 रुपये 30 पैशांना पडतो. 1949 च्या अवमूल्यनानंतर तो 4.76 झाला, जून 1966 मध्ये 7.50.

आता ग्रंथाबद्दल. 'द प्रॉब्लेम ऑफ द रुपी' 1923 चा, त्यात 1947 चा दर असेल कसा? पण खरी गंमत पुढे आहे. रुपया अमुक परकीय चलनाइतका 'मोठा' असावा, असा आंबेडकरांचा हट्टच नव्हता. रुपयाची देशातली क्रयशक्ती स्थिर राहावी, हा त्यांचा मुद्दा. म्हणून ब्रिटिश अर्थशास्त्रज्ञ केन्स यांनी उचलून धरलेल्या सुवर्ण विनिमय परिमाणाला (देशात सोन्याऐवजी रुपयाच चालतो, फक्त परदेशी देण्यांसाठी त्याचा सोन्याशी दर बांधलेला असतो आणि सरकार हवे तितके रुपये काढू शकते, अशी पद्धत) त्यांनी विरोध केला आणि रुपयाची नाणी पाडण्यावर पक्की मर्यादा मागितली. रुपयाचा विनिमय दर घसरल्याने व्यापाऱ्याला होणारा फायदा बहुधा मजुराच्या खिशातून येतो, हेही त्यांनी दाखवले. हे सगळे आजही वाचण्याजोगे आहे.

तो संदेश कृपया पुढे पाठवू नका. आधीच पाठवला असेल, तर त्याच ग्रुपवर हा हिशेब टाका.