सुनावणीला गर्दी होते, पण कार्यकक्षा कुणी वाचली?

गारपिटीनंतर तलाठी आमच्या द्राक्षबागेत पंचनाम्याला आले होते, तो दिवस मला अजून आठवतो. काढणीला आलेली थॉमसन चिखलात पडलेली. वडील वाकलेले अँगल, तुटलेल्या तारा दाखवत होते. तलाठी म्हणाले, "नाना, पीक किती गेलं तेवढाच रकाना आहे. मांडव कुठं लिहू?" माणूस चांगला होता. पण रकान्यात जे बसत नाही, ते सरकारदरबारी घडलेलंच नसतं.

मोठ्या प्रकल्पांना लागणाऱ्या पर्यावरण मंजुरीचंही असंच आहे. केंद्र सरकारच्या त्याबाबतच्या 14 सप्टेंबर 2006 च्या अधिसूचनेत जनसुनावणीच्या आधी स्कोपिंगचा टप्पा येतो. अभ्यासात काय काय तपासायचं, हे तज्ज्ञ समिती तिथे ठरवते. त्या कागदाला टीओआर म्हणतात, म्हणजे कार्यकक्षा. प्रकल्पवाल्यांचा सल्लागार तेवढाच अभ्यास करतो. आपल्याला जाग येते ती अहवाल तयार होऊन सुनावणीची जाहिरात पेपरात आल्यावर.

काही वर्षांपूर्वी अशाच एका सुनावणीला गेलो होतो. एक मावशी उठल्या आणि म्हणाल्या, पावसाळ्यात नाल्याचं पाणी माझ्या विहिरीत उतरतं, त्याचं काय? सल्लागारानं पानं चाळून वाचून दाखवलं, "नाला कोरडा आढळला." पाहणी मे महिन्यातली होती! मावशी तशाच उभ्या राहिल्या. त्यांच्या प्रश्नाला अंतिम अहवालात उत्तर द्यावं लागतं, नियम तसाच आहे. पण त्या उत्तरासाठी ऑगस्टात कुणी बाटली घेऊन नाल्यावर गेलं नाही.

पावसाळा सोडून एका हंगामाची आकडेवारी बहुतेक प्रकल्पांना चालते. नाशिकला हे कसं चालेल? अंजनेरीच्या पठारावर सेरोपेजिया अंजनेरिका नावाचं कंदीलपुष्प फुलतं, त्या डोंगराचंच नाव मिळालेलं. ते दिसतं पावसाळ्यात. उन्हाळ्यात पाहणीला गेलेल्या माणसाला तिथे नुसता कातळ आणि वाळलेलं गवत दिसणार, आणि तेच तो प्रामाणिकपणे लिहिणार.

अभ्यासाचं वर्तुळ साधारण 10 किलोमीटरचं असतं. गोदावरीला ते वर्तुळ माहीत नाही. इथलं सांडपाणी खाली नांदूर मधमेश्वरला पोचतं, रामसर यादीत, म्हणजे जागतिक महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या यादीत, गेलेल्या आपल्या पाणथळीत. आणि पूर? तो आपण नाशिककर गोदापात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीवर पाणी कुठवर चढलं यावरून मोजतो. नासर्डी, वाघाडी या गोदावरीला मिळणाऱ्या नद्यांच्या काठी भराव पडला तर पाणी किती चढेल, हा प्रश्न कार्यकक्षेत लिहून घेतला नाही तर त्याचं गणित कुणी मांडणार नाही. सिंहस्थाच्या गर्दीचंही तेच, वाहनं मोजली जातात साध्या दिवशी.

मूळ अधिसूचनेतली एक तरतूद मला सगळ्यात जास्त खुपते. समितीनं 60 दिवसांत कार्यकक्षा कळवली नाही, तर अर्जदारानं स्वतः सुचवलेलीच अंतिम धरायची. टाउनशिपना तर जनसल्लामसलतीतून (सुनावणी त्यातच आली) सूटच आहे, म्हणजे तिथे आपलं म्हणणं मांडायची वेळ स्कोपिंगचीच.

आमच्या शिवाराजवळ एका मोठ्या प्रकल्पाची बोलणी चालली आहेत. अर्ज परिवेश या पर्यावरण मंजुरीच्या सरकारी पोर्टलवर दिसला की त्याच आठवड्यात समितीला पत्र पाठवायचं ठरवलंय. पहिली मागणी लिहून ठेवली आहे: नाल्याचे आणि नाल्याकाठच्या विहिरींचे नमुने ऑगस्टमध्येही घ्यावेत. ज्यांच्या विहिरी त्या काठाला आहेत, त्यांनी गट नंबर आणि पावसाळ्यात पाणी कुठवर चढतं ते मला मेसेज करा. विहिरीच्या कठड्यावर खूण असेल तर तिचा फोटोही पाठवा.