सारायाकूचा नकार आणि हेलेना ग्वालिंगा : एका प्रतिक्रियेला उत्तर

इक्वादोरच्या अॅमेझॉन जंगलातील सारायाकू या किचवा आदिवासींच्या गावची पर्यावरण कार्यकर्ती हेलेना ग्वालिंगा हिच्यावरील माझ्या लेखावर आपण पाठवलेली प्रतिक्रिया वाचली. आपले म्हणणे थोडक्यात असे आहे : वडील युरोपीय आणि शिक्षण फिनलंडमध्ये झालेले, अशी ही तरुणी अॅमेझॉनच्या आदिवासींच्या वतीने कशी बोलते, हजार-बाराशे वस्तीच्या गावाने इक्वादोरसारख्या कर्जात बुडालेल्या देशाचे तेल का अडवून धरावे, आणि खटला जिंकून भरपाईही पदरात पडल्यावर हे आंदोलन आता कशासाठी चालू आहे? आपण हे आक्षेप सभ्यपणे मांडले आहेत आणि ते अनेकांच्या मनात असतात, म्हणून सविस्तर उत्तर देतो.

हेलेनाचे वडील फिनलंडचे आहेत आणि तिच्या शालेय वयाचा बराच काळ तिकडे गेला, हे खरे आहे. मात्र तेलाला नकार देणारी ती नव्हे. मे २००० मध्ये तेलाचा शोध घेण्याचे कंत्राट मिळालेल्या सीजीसी या कंपनीच्या अधिकाऱ्याने सारायाकूला येऊन विकासकामांसाठी ६०,००० डॉलर आणि गावातील ५०० पुरुषांना काम देऊ केले होते. जूनमध्ये गावाची सर्वसाधारण सभा भरली आणि तिने हा प्रस्ताव फेटाळला. हेलेनाचा जन्म २००२ सालचा. ज्या निर्णयासाठी आपण तिला जबाबदार धरता, तो तिच्या जन्मापूर्वीच गावाने घेतलेला होता. तिची आई नोएमी आणि मावशी पॅट्रिशिया यांनी तो वर्षानुवर्षे लढवला, आणि आज ती तो इंग्रजीतून आंतरराष्ट्रीय परिषदांपर्यंत पोहोचवते. परदेशी शिक्षणाचा असा उपयोग झाला, तर त्यात आक्षेपार्ह काय आहे, हे मला खरोखर समजत नाही.

तो नकार गावाने कसा निभावला, हे नीट पाहिल्याशिवाय आपल्या दुसऱ्या आक्षेपाकडे वळता येणार नाही. सरकारने १९९६ साली गावाला न विचारताच सुमारे दोन लाख हेक्टरचा ‘ब्लॉक २३’ हा पट्टा अर्जेंटिनाच्या सीजीसी कंपनीला तेलाच्या शोधासाठी दिला, आणि त्याचा निम्म्याहून बराच अधिक भाग सारायाकूच्या वडिलोपार्जित भूमीत येत होता. २००२ च्या अखेरीस कंपनीची माणसे सैन्याच्या संरक्षणात जंगलात शिरली, तेव्हा गावकऱ्यांनी शाळेसह रोजचे सगळे व्यवहार थांबवले आणि बायकामुलांसह जंगलाच्या हद्दीवर तळ ठोकले. शेतीकडे बघायला कोणी उरले नाही, अन्न तुटपुंजे झाले आणि जंगलात मिळेल त्यावर महिनोन्‌महिने काढावे लागले. स्फोट घडवून त्याच्या लहरींवरून भूगर्भातील तेलाचा अंदाज घेण्यासाठी कंपनीने शेकडो ठिकाणी खड्डे पाडून त्यांत पेंटोलाइट नावाचे स्फोटक पुरले. त्याचे एकूण वजन १,४०० किलोहून अधिक होते. ज्या रानात लोक शिकारीला जातात, त्याच रानात हे पुरलेले होते.

भूगर्भातील तेल राज्यघटनेनुसार राज्याच्या मालकीचे आहे, हा आपला मुद्दा मी मान्य करतो. पण आदिवासींच्या भूमीत काही करण्यापूर्वी त्यांच्याशी सल्लामसलत करण्याचे बंधनही त्याच देशाने आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेचा १६९ क्रमांकाचा करार १९९८ मध्ये मान्य करून स्वतःहून स्वीकारले होते. २७ जून २०१२ रोजी आंतर-अमेरिकी मानवी हक्क न्यायालयाने याच मुद्द्यावर इक्वादोरला दोषी ठरवले, आणि रहिवाशांचा जीव धोक्यात घातल्याचा ठपकाही ठेवला.

देशाच्या गरिबीबद्दल आपल्याला वाटणारी कळकळ प्रामाणिक आहे, याविषयी मला शंका नाही. परंतु देशाच्या उत्तरेकडील लागो आग्रिओ शहराच्या परिसरातून १९७२ पासून नळवाहिनीने तेल बाहेर जात आहे, आणि तिथल्या लोकांच्या वाट्याला टेक्साको कंपनीने सोडलेले तेलकट सांडपाण्याचे उघडे खड्डे आले. ७ एप्रिल २०२० रोजी तेलवाहिन्या फुटून हजारो पिंपे तेल कोका आणि नापो नद्यांत मिसळले, तेव्हा काठावरच्या किचवा गावांचे पिण्याचे पाणी आणि मासे एकदमच गेले. सारायाकूच्या लोकांना हे ठाऊक आहे. शिवाय २० ऑगस्ट २०२३ च्या सार्वमतात सुमारे ५९ टक्के मतदारांनी अॅमेझॉनमधील यासुनी राष्ट्रीय उद्यानातील एका मोठ्या क्षेत्राचे तेल जमिनीतच ठेवण्याचा कौल दिला. म्हणजे देशाचे हित तेल काढण्यातच आहे, असे इक्वादोरच्या बहुसंख्य मतदारांनाही त्या वेळी वाटले नाही. ज्या ओरेयाना प्रांतात यासुनीचा मोठा भाग येतो, तिथे मात्र उलट कौल लागला, कारण तिथल्या अनेकांचा रोजगार तेलावर अवलंबून आहे, आणि त्यांच्या पोटापाण्याची काळजी सरकारने घेतलीच पाहिजे असे माझे ठाम मत आहे.

आता शेवटचा आक्षेप. न्यायालयाने भरपाईबरोबर पुरलेली स्फोटके निकामी करून काढण्याचा आणि पुढे कोणत्याही प्रकल्पापूर्वी गावाला विचारण्याचा आदेश दिला होता. ऑक्टोबर २०१४ मध्ये मंत्र्यांनी सारायाकूत येऊन जाहीर माफी मागितली, त्याचे मोल मी कमी मानत नाही. पण निकालानंतर कित्येक वर्षे खोलवरची स्फोटके जमिनीतच राहिली. आणि निकालाला सहा महिनेही झाले नव्हते, तोच नोव्हेंबर २०१२ मध्ये सरकारने अॅमेझॉनच्या आग्नेय भागातील तेलपट्ट्यांचा नवा लिलाव पुकारला, ज्यातील काही पट्टे पुन्हा सारायाकूच्या भूमीवर येत होते.