माय, त्या १९ पटीचं असं आहे

परवा ज्वारीच्या काढणीत असताना मायच्या मोबाईलवर कुण्या पाव्हण्यानं मेसेज टाकला: 'पोराची पोरगी झालेले १९ पट जास्त आत्महत्या करतात. गोळ्यांनी डोकं फिरतं. सगळं मोबाईलचं फॅड. वेळेत लग्न लावा.' रात्री ११ ला तिचा फोन. बोलेचना, नुसते हुंदके. शेवटी म्हणाली, "गोळ्या सोडून दे ना बाई." (रडतानाही 'बाई' म्हणाली, हे मी गाठीला बांधून ठेवलंय.)

१९ चा आकडा खरा आहे, म्हणून तर जास्त संताप येतो. स्वीडनमधला २०११ चा अभ्यास. १९७३ ते २००३ मध्ये लिंगबदलाची शस्त्रक्रिया झालेले ३२४ जण. त्यांची तुलना कुणाशी केली? त्याच वयाच्या सर्वसाधारण लोकांशी. उपचार न मिळालेल्या ट्रान्स माणसांशी नाही. दुष्काळात छावणीतली गुरं बागायतदाराच्या गुरांपेक्षा रोड दिसली, म्हणून छावणीच बंद करा, असला हा हिशोब! शस्त्रक्रियेमुळे हे घडतं असा अर्थ काढू नका, असं त्या निबंधातच लिहिलंय. १९८९ नंतर शस्त्रक्रिया झालेल्यांच्या गटात तर एकूण मृत्यूंमध्ये ठळक फरकही दिसला नाही. पाव्हण्याला ते कुठून माहीत असणार? त्याला फक्त पुढं ढकलता येतं.

गोळ्यांनी डोकं फिरतं? बरं, अर्धं कबूल. माझ्या गोळ्या इस्ट्रोजेनच्या, म्हणजे बाईच्या हार्मोनच्या. त्यांच्या पहिल्या काही महिन्यांत मी कशानंही रडायचे. परभणीच्या स्टँडवर डोळ्यांदेखत एसटी सुटली, तर तिथंच बाकावर बसून रडले. पण बापूंना अग्नी दिला तेव्हा डोळ्यांतून टिपूस निघालं नव्हतं. 'पोरगं खंबीर आहे,' म्हणाले सगळे. कसलं खंबीर? आत लाकूड झालं होतं. चार वर्षांनी, गोळ्यांच्या सहाव्या महिन्यात, खोलीवर भांडी घासता घासता मी बापूंसाठी रडले. हे सगळं गोळ्यांनीच केलं असं नाही. तोवर मला माझ्या नावानं हाक मारणारी दोन माणसंही भेटली होती.

मोबाईलचं फॅड म्हणे! सातवीत मायचं लुगडं गुंडाळून मी कणगीमागं उभी राहायचे, तेव्हा आमच्या वाडीत रेंज नव्हती.

आणि लग्न लावा, पण कुणाच्या पोरीशी? पाव्हण्यानं स्वतःची द्यावी का?

मायला हे सगळं फोनवर सांगितलं. स्वीडन तिला किती कळलं कोण जाणे. बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "भांडी घासताना रडलीस, तवा फोन कामून नाही केलास?"