इंडिया गेटवर स्वातंत्र्यसैनिकांची नावे नाहीत

पंधरा ऑगस्ट किंवा सव्वीस जानेवारी जवळ आली की एक मेसेज पुन्हा फिरू लागतो. मजकूर साधारण असा: ‘दिल्लीच्या इंडिया गेटवर ९५,३०० स्वातंत्र्यसैनिकांची नावे कोरली आहेत. त्यात ६१ हजारांहून जास्त मुस्लिम, बाकीचे शीख, मागासवर्गीय आणि दलित. सवर्ण फक्त ५९८ आणि संघाचा एकही नाही.’ पाठवणाऱ्यांपैकी अनेकांना मुसलमानांच्या देशप्रेमावर शंका घेणाऱ्यांना उत्तर द्यायचे असते. ते उत्तर द्यायलाच हवे. पण या मेसेजमधला एकही दावा टिकत नाही.

आधी ‘९५,३०० नावे’. इंडिया गेटच्या भिंतींवर कोरलेली नावे १३ हजारांहून थोडी अधिक आहेत. हा आकडा महायुद्धांतल्या मृत सैनिकांची स्मारके सांभाळणाऱ्या कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्ह्ज कमिशनच्या नोंदींवरून कोणालाही ताडून पाहता येतो.

‘स्वातंत्र्यसैनिक’ हे विधान तर तारखांपुढेच टिकत नाही. या वास्तूचे मूळ नाव ‘ऑल इंडिया वॉर मेमोरियल’. ब्रिटिशांच्या हिंदी फौजेतले जे सैनिक पहिल्या महायुद्धात आणि १९१९ च्या तिसऱ्या अफगाण युद्धात पडले, त्यांच्यासाठी ती बांधली. १० फेब्रुवारी १९२१ रोजी ड्यूक ऑफ कनॉट यांनी पायाभरणी केली आणि १२ फेब्रुवारी १९३१ रोजी व्हाइसरॉय आयर्विन यांनी उद्घाटन केले. त्याच्या बरोबर एक महिना आधी, १२ जानेवारी १९३१ ला, याच सरकारने येरवड्याच्या तुरुंगात सोलापूरच्या चार स्वातंत्र्यसैनिकांना फाशी दिली: मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन. उद्घाटनाला सहा आठवडे होत नाहीत तोच लाहोरला भगतसिंग, राजगुरू, सुखदेव फासावर गेले. त्या राजवटीने आपल्या राजधानीत स्वातंत्र्यसैनिकांची नावे कोरून ठेवली, हे कसे मानायचे?

‘गझनफर’ हे पत्र चालवणारे कुर्बान हुसेन किंवा १९२७ साली फैजाबादला फाशी गेलेले अशफाकउल्ला खान यांची ओळख करून द्यायला इंडिया गेटचा खोटा दाखला कशाला हवा? त्यांची खरी नावे, तारखा आणि तुरुंग आपल्याकडे आहेत. ते सोडून बनावट आकडा पुढे केला की पहिलाच जाणकार तो खोडतो आणि त्यासोबत कुर्बान हुसेनही खोटे ठरतात. या मेसेजवर माझा सगळ्यात मोठा राग याचसाठी आहे.

आता धर्म-जातीची फोड. भिंतीवरची नोंद रेजिमेंट, हुद्दा आणि नाव अशी आहे. धर्म नाही, जात नाही. ‘मागासवर्गीय’ ही वर्गवारी कोणी आणि कशावरून केली, हे मेसेज सांगत नाही, कारण तशी मोजणी झालेलीच नाही. संघाची स्थापना १९२५ ची, भिंतीवरचे मृत्यू त्याच्या आधीचे. त्यामुळे ‘एकही नाही’ या वाक्यातून कोणाच्याच बाजूने काही सिद्ध होत नाही. या नावांमध्ये १९१९ मध्ये मारल्या गेलेल्या एका परिचारिकेचेही नाव आहे. मेसेजच्या कोणत्या रकान्यात तिला बसवणार?

वास्तूची रचनाही या मोजणीच्या विरुद्ध आहे. वास्तुविशारद एडविन लुट्येन्सने ४२ मीटर उंचीच्या या कमानीवर क्रूस ठेवला नाही, चांदतारा नाही, देवनागरी मंत्रही नाही. कमानीच्या वर इंग्रजी अक्षरांत फक्त ‘इंडिया’ आणि दोन्ही बाजूंना रोमन आकड्यांत १९१४ आणि १९१९. माथ्यावर एक उथळ दगडी वाडगा आहे. स्मृतिदिनी त्यात तेल पेटवायची कल्पना होती. सगळ्या धर्मांचे सैनिक एकत्र मेले, म्हणून कोणा एकाचे चिन्ह नको, हे इथे जाणूनबुजून पाळलेले धोरण होते.

मेसेज खोडणारेही एक चूक हमखास करतात. ते म्हणतात, ‘पहिल्या महायुद्धातल्या सत्तर हजार हिंदी सैनिकांची नावे तिथे आहेत.’ तसेही नाही. कमानीवरचा लेख नीट वाचला तर त्यात दोन भाग दिसतात. फ्रान्स, मेसोपोटेमिया (आजचा इराक), पूर्व आफ्रिका, गॅलिपोली अशा ठिकाणी पडलेल्यांना तिथे एकत्रित वंदन आहे. नावे कोरली आहेत ती भारतात, वायव्य सरहद्दीवर आणि अफगाण युद्धात पडलेल्यांची. बाकीच्यांची स्मारके परदेशी आहेत. फ्रान्समधल्या न्यव्ह शापेलला ४,७०० हून अधिक नावे आहेत.

मराठी वाचकाला इथे इराकमधले बसरा माहीत असायला हवे. २९ एप्रिल १९१६ ला मेसोपोटेमियातल्या कुत इथे तुर्कांना शरण गेलेली तुकडी ही सहावी पुणे डिव्हिजन होती आणि तिच्यात १०३, ११० व ११७ क्रमांकाच्या मराठा पलटणी होत्या. मेसोपोटेमियात ज्यांची थडगी सापडली नाहीत त्यांचे स्मारक बसऱ्याला झाले. तिथे हिंदी अधिकाऱ्यांची नावे दगडावर आली. साध्या शिपायांच्या वाट्याला पलटणीच्या नावापुढे नुसती संख्या आली, नावे राहिली नोंदवहीत. कितीतरी मराठी शिपायांचे नाव म्हणूनच दिल्लीच्या भिंतीवरही नाही आणि बसऱ्याच्याही.

‘मग ती इंग्रजांच्या गुलामांचीच कमान’ असेही कोणी लिहितो. पण १९१८ मध्ये खुद्द गांधीजी खेडा जिल्ह्यात सैन्यभरतीसाठी पायी फिरत होते. पगारासाठी, घरच्या शेतासाठी पलटणीत गेलेल्या पोराला आजच्या तराजूत तोलणे अन्यायाचे आहे. साताऱ्याजवळच्या अपशिंगे गावचे ४६ जवान पहिल्या महायुद्धात कामी आले. गावाने त्यांचा स्तंभ आजवर जपला आहे आणि तिथली मुले अजूनही फौजेत जातात.

स्वातंत्र्यानंतरच्या युद्धांत शहीद झालेल्यांची नावे वेगळ्या ठिकाणी आहेत. २५ फेब्रुवारी २०१९ रोजी खुल्या झालेल्या राष्ट्रीय युद्धस्मारकात ती ग्रॅनाइटवर कोरली आहेत, तेही इंडिया गेटच्या शेजारीच. १९७२ पासून कमानीखाली तेवणारी अमर जवान ज्योती जानेवारी २०२२ मध्ये तिथल्या ज्योतीत विलीन केली गेली.

हा मेसेज तुमच्याकडे आला तर पाठवणाऱ्याला उद्घाटनाची तारीख आणि येरवड्याची तारीख एकाखाली एक लिहून पाठवा. आणि कुर्बान हुसेन यांचे नावही पाठवा.