रिमेक ही दुसरी संधी असते

रिमेक म्हणजे चोरी, असं कुणी म्हटलं की मला पटत नाही. हक्क विकत घेतलेले असतात, पैसे मोजलेले असतात, चोरी कसली? माझं भांडण वेगळं आहे. ज्याला तोच पिक्चर पुन्हा करायला मिळतो, त्याच्याकडे मूळवाल्यापेक्षा एक गोष्ट जास्त असते. ती गोष्ट लोकांपुढे एकदा जाऊन आलेली असते. कुठं शिट्ट्या पडल्या, कुठं लोक पाणी प्यायला उठले, कुठं बाया गप्प बसल्या, सगळं आधीच कळलेलं असतं. एवढं हातात असताना त्याने काय राखलं, काय सुधारलं आणि काय तसंच सोडून दिलं, ह्यावरच रिमेक जोखायला पाहिजे.

आम्हा सोलापूरच्या पूर्व भागातल्या लोकांना हे जरा जास्तच जाणवतं. आमच्यासारख्या पद्मशाली घरांचे पूर्वज तेलंगणातून मागावर काम करायला इकडं आले. घरात तेलुगू, शाळेत मराठी, पिक्चर दोन्हीकडचे आणि हिंदीपण. बाकीचा महाराष्ट्र ज्याला सरसकट ‘साउथचा पिक्चर’ म्हणतो, तो आमच्या घरच्या भाषेतला पिक्चर आहे. हैदराबाद तीनशे किलोमीटरवर. इथं तेलुगू पिक्चर तेलुगूतच लागतो, डबिंगसाठी कुणी थांबत नाही. त्यामुळे हिंदी रिमेक येतो तेव्हा थिएटरातल्या कितीतरी लोकांना पुढचा सीन पाठ असतो. आणि ज्याला सीन पाठ असतो त्याला बदललेलं लगेच दिसतं, न बदललेलं तर त्याहून आधी दिसतं.

‘रावडी राठोड’चंच घ्या. मूळ ‘विक्रमार्कुडू’ २००६चा, दिग्दर्शक राजामौळी, कथा त्यांचे वडील विजयेंद्र प्रसाद यांची, रवितेजाचा डबल रोल, एक पोलीस आणि एक चोर. त्यावर कन्नडमध्ये २००९ साली ‘वीर मदकरी’ झाला, तमिळमध्ये २०११ला ‘सिरुथई’, आणि १ जून २०१२ला प्रभुदेवाने अक्षय कुमारला घेऊन हिंदीत केला. निर्मात्यांत संजय लीला भन्साळी. पोलिसाचं आडनाव बदलायचीसुद्धा गरज पडली नाही, कारण तेलुगूतला पोलीसही राठोडच होता, चंबळच्या खोऱ्यात नेमणूक झालेला. हिंदीने त्याला बिहारमध्ये नेलं, एवढंच.

अशा पिक्चरबद्दल ‘डोकं घरी ठेवून बघायचा’ असं लिहिणाऱ्यांचा मला खरंच राग येतो. बारा-बारा तास मागावर उभा राहणारा माणूस डोकं घरी ठेवून थिएटरात येत नाही. त्याला नेमकं कळतं की मारामारी कधी खरी वाटते. ‘विक्रमार्कुडू’मधली ती पावसातली फाइट आठवा. डोक्याला मार बसलेला राठोड चिखलात पडलाय, उठायची ताकद नाही, आणि पावसाचे थेंब पडायला लागतात. तो उठतो तेव्हा अख्खं थिएटर उठतं. पण त्या उठण्याचा खरा अर्थ नंतर कळतो. राजामौळी मग आपल्याला चंबळमधल्या त्या गावातली भीती पुरती दाखवतो. इन्स्पेक्टरची बायको गुंडाच्या पोराने उचलून नेलीय आणि अंगावर वर्दी असलेला नवरा काही करू शकत नाही. हे आधी पोटात गेलं नसेल तर पुढचा एकही ठोसा लागत नाही.

प्रभुदेवाने ही भीती राखली, हे मी अगदी मनापासून मानते. हिंदीत तो इन्स्पेक्टर यशपाल शर्मांनी केलाय आणि त्यांचा चेहरा बघवत नाही इतकं चांगलं केलंय. कित्येक हिंदी रिमेकवाले हाच भाग ‘लांबतो’ म्हणून कापतात, तेवढ्यात एक गाणं जास्त घालतात आणि मग फाइट का चालली नाही म्हणून डोकं खाजवतात. अक्षय कुमार पहिल्या फ्रेमपासून स्टार दिसतो. रवितेजा आमच्या गल्लीतला कुणीतरी वाटायचा आणि म्हणून तो उठला की जास्त भारी वाटायचं. पण ते चालायचंच.

न चालणारी गोष्ट दुसरीच आहे.

दोन्ही पिक्चरमध्ये इंटरवलच्या आधी हिरोला हिरोइनच्या कमरेचं वेड आहे. दिसली कंबर की गेला हात. तेलुगूत अनुष्का शेट्टी, हिंदीत सोनाक्षी. हिंदीत तर तो चारचौघांत तिच्याकडे बोट दाखवून ‘ये मेरा माल है’ म्हणतो. ह्याच्यावर आपण हसायचं. आणि इंटरवलनंतर एका बाईला उचलून नेलं म्हणून आपलं रक्त खवळायचं.

माझी थोरली अत्ता विड्या वळते. मांडीवर सूप, सुपात तंबाखू आणि कापलेली पानं, समोर टीव्ही. हात चालूच असतात, नजर वर-खाली होत असते. ‘रावडी राठोड’ लागला होता, घरातली पोरं कमरेच्या सीनला खिदळत होती. पुढं इन्स्पेक्टरच्या बायकोचा प्रसंग आला तशी तीच पोरं मुठी आवळून बसली. अत्ताने अंगठ्याने विडीचं तोंड दुमडलं, कट्टा बांधायला दोरा घेतला आणि म्हणाली, “मगाशी कमरेला हात घातला तवा हसलात की रे. आता कशाला चिडताव?” पोरांकडे उत्तर नव्हतं. माझ्या मते दिग्दर्शकाकडेही नाही.

राजामौळीला मी सोडत नाहीये, पण तो २००६ला पहिल्यांदा ही गोष्ट सांगत होता. प्रभुदेवाकडे मधली सहा वर्षं होती, तीन भाषांत चाललेला पिक्चर समोर होता. मुलूख बदलला, बहुतेक गाणी बदलली, चोराचं नाव बदललं. कंबर तेवढी जशीच्या तशी उचलली. ती काढून टाकली असती तर कथेचा एक टाकाही उसवला नसता. उलट दुसरा अर्धा भाग दुप्पट ताकदीने लागला असता.

ह्याच्याही पुढचं उदाहरण ‘सिम्बा’. २०१८च्या डिसेंबरात आलेला रोहित शेट्टीचा पिक्चर, दिग्दर्शक पुरी जगन्नाथच्या तेलुगू ‘टेम्पर’वरून (२०१५). ‘टेम्पर’मध्ये ज्युनिअर एनटीआरचा लाचखोर पोलीस शेवटी कोर्टात उभा राहतो आणि गुन्हेगार सुटू नयेत म्हणून म्हणतो, त्या अत्याचारात मीही होतो. स्वतःच्या गळ्यात फास घेऊन तो बाकीच्यांना फाशीपर्यंत नेतो. आयुष्यभर पैसे खाल्लेल्या माणसाने पहिल्यांदा स्वतःच्या खिशातून किंमत मोजली, म्हणून तो शेवट अंगावर येतो. ‘सिम्बा’ने हा शेवट टाकून दिला आणि पोलीस ठाण्यात खोटा एन्काउंटर घातला. हातात आलेल्या माणसांना गोळ्या घालायच्या, वर सिंघम येऊन सगळं निस्तरणार. पोलिसाला स्वतःला काय मोजावं लागलं? काही नाही. रणवीर सिंगने जीव ओतलाय, भालेरावचं मराठी बोलणंही मला आवडलं, पण हातात आलेलं सोनं असं कुणी टाकतं का?

आता तर रिमेकचे दिवसच संपत आले. ‘बाहुबली’नंतर तेलुगू पिक्चर थेट हिंदीत बोलायला लागला, ‘पुष्पा’ने उरलीसुरली कसर भरून काढली. राजामौळीच्याच ‘छत्रपती’चा हिंदी रिमेक २०२३ला आला आणि गेला, कुणाला पत्ताही लागला नाही. आमच्याकडं सगळे खूश आहेत, की आता आपला पिक्चर सगळा देश बघतो. आनंद मलाही आहे, खूप आहे. पण डबिंगमध्ये फक्त आवाज बदलतो. कंबरेवरचा हात तसाच राहतो आणि आता तो दोन राज्यांऐवजी अख्ख्या देशात पोचतो. रिमेकमध्ये निदान कुणीतरी टेबलाशी बसून सीन पुन्हा लिहीत होतं, म्हणजे पुन्हा विचार करायला जागा होती. ती जागा वापरली गेली नाही ह्याचं मला वाईट वाटतं, आणि आता ती जागाच उरणार नाही ह्याचं त्याहून जास्त.

म्हणून मूळ आणि रिमेक दोन्ही पाहिलेल्यांना विचारते. अशोक चौकातल्यांनो, दत्तनगरवाल्यांनो, तुम्ही तर सांगायलाच पाहिजे: तेलुगूतली चूक हिंदीने खरोखर दुरुस्त केली, असा एक तरी ॲक्शन पिक्चर दाखवा. ‘पोकिरी’वरून केलेला ‘वॉन्टेड’ म्हणणार असाल, तर आधी महेश मांजरेकरांचा इन्स्पेक्टर तळपदे हिरोइनच्या घरी येतो ते सीन परत बघा, मग बोलू.