संगीतकाराच्या व्हिडिओला पार्श्वसंगीत कशाला?

प्रयोगशील चित्रकार, संगीतकार यांच्यावरचे चार-पाच मिनिटांचे व्हिडिओ मी शोधून शोधून बघते. आपल्या मुंबईतही काही मुलं मन लावून असे व्हिडिओ करतायत. म्हणूनच कळकळीने सांगते, संगीतकाराच्या व्हिडिओला पार्श्वसंगीत लावू नका.

परवा एक बघितला. एक बाई पत्र्याच्या तुकड्यावर व्हायोलिनचा गज फिरवत होती. पत्रा आधी नुसता थरथरला, मग त्यातून बारीक, लांबलचक सूर निघायला लागला. मी कान टवकारले, तोवर पियानो सुरू, त्यावर तिचंच बोलणं, ‘मला लहानपणापासून आवाजांचं वेड.’ पत्र्याचा आवाज पुन्हा आलाच नाही. बाईंबद्दल सगळं कळलं, त्यांचं काम तेवढं ऐकायचं राहिलं.

व्हिडिओ करणारे म्हणतात, वेळ कमी असतो. अमेरिकन संगीतकार पॉलीन ऑलिव्हेरोस १९८८ मध्ये सोबत्यांना घेऊन अमेरिकेत फोर्ट वॉर्डन इथल्या जमिनीखालच्या रिकाम्या टाकीत उतरल्या, १४ फूट खोल. तिथे एकदा काढलेला सूर ४५ सेकंद घुमत राहायचा. तो विरायच्या आत पुढचा त्यात मिसळायचा, म्हणजे वाजवणाऱ्यांबरोबर टाकीही वाजायची. दर तीन सेकंदांना कट मारलात तर यातलं काय हाती लागणार? पण एक सूर विरेपर्यंत कॅमेरा थांबला, तर मिनिटभर पुरे.

आणि छोट्या फिल्ममध्ये कलाकार पकडता येतो, हे आपल्याच शहरातल्या फिल्म्स डिव्हिजनने दाखवलंय. प्रमोद पतींनी १९७२ मध्ये चित्रकार आबिद सुरतींवर ‘आबिद’ केली, पिक्सिलेशन वापरून. माणसाने जरासं हलायचं, एक फ्रेम घ्यायची, पुन्हा हलायचं. हाडामांसाचा चित्रकारच ॲनिमेशनमधल्या आकृतीसारखा खोलीभर रंगवत सुटतो. त्याचा खोडकरपणा फिल्मच्या अंगातच उतरलाय.

त्याच वर्षी ‘घाशीराम कोतवाल’ रंगमंचावर आलं. भास्कर चंदावरकर तालमीत त्याचं संगीत कसं बसवत होते, याची पाच मिनिटं कोणी न कापता टिपली असती, तर मी ती जीव टाकून बघितली असती.

मुंबईत शांत खोली मिळत नाही हे खरंच. पंखा, लोकल, खालून भंगारवाला येणारच. येऊ द्या. कॉलर माइक बोलण्यापुरता ठेवा, खोलीसाठी वेगळा रेकॉर्डर लावा. एडिटला बसाल तेव्हा निदान एक तुकडा पहिल्यापासून शेवटपर्यंत राहू द्या, कापायचंच तर मुलाखत कापा. असं कोणी केलं असेल तर खाली लिंक टाका, आज रात्रीच हेडफोन लावून बघते.